देवळालीचा ताप

मंडळी, इंग्लंडमध्ये एखाद्याचं डोकं फिरलं असं म्हणायचं असलं, की अजूनही 'तो डूलॅली झालाय' असं म्हणतात. आपल्याकडे 'याला ठाण्याला पाठवा' किंवा 'येरवड्यात भरती करा' म्हणतात ना, त्यातलाच प्रकार. बोलणाऱ्याला बहुतेक वेळा माहीतही नसतं, की आपण नाशिकजवळच्या एका गावाचं नाव घेतोय. डूलॅली म्हणजे आपली देवळाली! पूर्वी हा शब्द एकटा नव्हता, 'डूलॅली टॅप' असा जोडीनं यायचा. आणि हा टॅप म्हणजे नळ नव्हे, तर आपला साधा ताप. गोऱ्या सोजिरांच्या तोंडी 'देवळालीचा ताप' झाला 'डूलॅली टॅप'.

आमच्या भाचेमंडळींपैकी कुणी ना कुणी हा शब्द दर वर्षा-दोन वर्षांनी व्हॉट्सॲपवर पाठवतं. खाली हसऱ्या चेहऱ्यांची रांग लागते. माझी सगळी नोकरी नाशिक जिल्ह्यात झाली, मराठी आणि इतिहास शिकवण्यात गेली. त्यामुळे 'मावशी, तुमच्याकडचा शब्द बघा' म्हणून तो माझ्याकडे हमखास येतो. २००९ मध्ये पुण्यात 'डूलॅली' याच नावानं बिअर बनवणारी मंडळी अवतरली, म्हणजे शब्द विलायतेला जाऊन, नाव बदलून परत आला म्हणायचा! गंमत मलाही वाटते. पण हा शब्द नुसता गमतीचा नाही. ब्रिटिश सैनिकांच्या बोलीतले बरेचसे विनोदी शब्द नुसते गमतीचे नाहीत, असं माझं मत आहे. आज त्याबद्दलच लिहिते.

आधी देवळालीची हकिकत. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात इथे ब्रिटिशांची छावणी वसली. रेल्वे होती, मुंबई बंदर जवळ होतं. नोकरीची मुदत संपलेले गोरे शिपाई मायदेशी जायच्या आधी इथे आणून ठेवत. पण बोटी वर्षभर सुटत नसत. साधारण शरद ऋतूपासून वसंतापर्यंतच त्यांचा हंगाम. म्हणजे एखाद्याची मुदत चैत्रात संपली, तर पुढची बोट थेट पावसाळा संपल्यावर. तोवर देवळालीत बसून राहायचं. हातात बंदूक नाही, अंगावर जबाबदारी नाही, घर समुद्रापलीकडे. आधी रणरणतं ऊन, मग पाऊस, मग डास आणि हिवताप. फ्रँक रिचर्ड्स नावाचा एक साधा शिपाई रॉयल वेल्श फ्युझिलियर्समध्ये होता. त्यानं हिंदुस्थानातल्या नोकरीच्या आठवणी 'ओल्ड सोल्जर साहिब' या नावानं १९३६ साली प्रसिद्ध केल्या. वर्षानुवर्षं एकही डाग न लागलेले शिपाई या छावणीत कंटाळ्यानं काहीबाही करून बसत आणि घरी जायच्या आधी तुरुंगात जात, असं तो सांगतो. हा वाक्प्रचारही बहुधा तिथूनच आला असावा, असा त्याचा कयास आहे.

आता विचार करा. 'साहेब, मला वेड लागायची पाळी आली आहे' हे वाक्य शिपायानं कुणाला सांगायचं? वरच्या अधिकाऱ्याला सांगितलं तर भित्रा किंवा कामचुकार ठरणार. घरी पत्रात लिहिलं तर आई हाय खाणार. पण बराकीत बसून 'अमक्याला देवळालीचा ताप चढलाय बरं का' असं हसत हसत म्हणता येत होतं. उद्या आपल्यालाही चढेल, ही भीतीसुद्धा त्यातच गुंडाळून टाकता येत होती.

सैनिकी विनोदाबद्दल माझं म्हणणं थोडक्यात हेच आहे. लोक त्याला औषध समजतात. 'हसतायत ना? मग बरे आहेत!' मला तो थर्मामीटर वाटतो. पारा कुठवर चढलाय ते त्यावरून कळतं, पण थर्मामीटर तोंडात धरून कुणाचा ताप उतरत नाही. तो उतरवायचं काम वाचणाऱ्याचं असतं.

हे मला पुस्तकाआधी घरात कळलं. माझे एक मावसभाऊ सैन्यात होते, १९७१च्या लढाईत होते. आम्ही त्यांना अण्णा म्हणायचो. सुटीवर आले की हसून हसून मुरकुंडी वळायची. 'तिकडचा चहा इतका वाईट की शत्रूलासुद्धा पाजू नये, म्हणून आम्हीच पितो' असलं काही तरी सतत चालायचं. सगळे म्हणायचे, अण्णा अगदी मजेत आहे. एकदा स्वयंपाकघरात वहिनी मला हळूच म्हणाल्या, "हे जास्त विनोद करायला लागले की मी समजते, रात्री झोप लागलेली नाही." वहिनी सातवी शिकलेल्या. पण सैनिकी विनोदावर याहून नेमकं मी कुठे वाचलेलं नाही.

पहिल्या महायुद्धातल्या ब्रिटिश शिपायांची बोली बघा. जॉन ब्रॉफी आणि एरिक पार्ट्रिज हे दोघे त्या युद्धात स्वतः लढलेले. त्यांनी १९३० साली शिपायांची गाणी आणि शब्द गोळा करून त्याचं पुस्तकच काढलं. त्या काळचे शब्द वाचताना मला आधी स्वयंपाकघरात किंवा जत्रेत गेल्यासारखं वाटलं. उखळी तोफेतून उडवायच्या बॉम्बला 'टॉफी ॲपल' म्हणत, म्हणजे जत्रेत काडीला टोचून मिळणारं पाकातलं सफरचंद. त्यालाच 'प्लम पुडिंग' असंही नाव होतं. जर्मनांच्या लाकडी दांड्याच्या हातबॉम्बला म्हणत 'बटाटे ठेचायचा दांडा'. काळा धूर सोडत फुटणाऱ्या मोठ्या गोळ्याला 'जॅक जॉन्सन' म्हणत, कारण त्या नावाचा कृष्णवर्णीय अमेरिकन मुष्टियोद्धा तेव्हा जगज्जेता होता आणि त्याचा ठोसा प्रसिद्ध होता. जे आपल्याला ठार मारणार आहे, त्याला ताटातलं किंवा तमाशातलं नाव दिलं की ते जरा आटोक्यात आल्यासारखं वाटत असावं.

मरणाचे शब्द तर विचारूच नका. फ्रेंच दुकानदार 'आता शिल्लक नाही' अशा अर्थाचं जे वाक्य म्हणत, त्याचं शिपायांनी 'नापू' केलं. जॅम संपला तरी नापू, मित्र गेला तरी नापू. आणि मेलेल्या, पुरलेल्या माणसाला काय म्हणत माहीत आहे? 'जमीनदार'! आयुष्यभर भाड्याच्या खोलीत राहिलेल्या गिरणीकामगाराला फ्रान्समध्ये साडेतीन हात जमीन मिळाली, म्हणून तो जमीनदार झाला. हा विनोद मला कळायला क्षणभर लागला आणि मग बराच वेळ डोक्यातून गेला नाही.

डॉक्टरांनाही सोडलेलं नाही. सैन्याच्या वैद्यकीय दलाच्या नावाची आद्याक्षरं घेऊन शिपायांनी 'माझ्या सगळ्या सोबत्यांना लुटा' असा अर्थ लावला होता. कुठलंही दुखणं सांगितलं तरी नऊ नंबरची जुलाबाची गोळी हातावर ठेवत, म्हणून 'नंबर नाईन' ही थट्टेची गोष्ट झाली. आजही इंग्लंडात बिंगोच्या खेळात नऊ आकडा निघाला की 'डॉक्टरांची आज्ञा' असं ओरडतात! ओरडणाऱ्यांना ती गोळी आता आठवतही नसेल. पण 'आमचं दुखणं कुणी नीट ऐकून घेत नाही' ही तक्रार तेव्हाच्या विनोदात अगदी स्पष्ट आहे.

या सगळ्यात मला सगळ्यात जास्त चटका लावणारा शब्द 'ब्लायटी'. हा आपल्या 'विलायती'चा अपभ्रंश. विलायतीचं बिलायती आणि बिलायतीचं ब्लायटी. आपल्याला जे परकं ते विलायती, आणि त्यांच्या तोंडी त्याच शब्दाचा अर्थ झाला 'आपलं घर'. पुढे खंदकात 'ब्लायटी जखम' असा शब्द रूढ झाला. म्हणजे अशी जखम, की जीव जाणार नाही, पण घरी पाठवतील. एखाद्याच्या हाताची दोन बोटं उडाली की मित्र म्हणत, काय नशीबवान आहेस लेका, ब्लायटी मिळाली! माणूस स्वतःची बोटं उडावीत म्हणून आशा लावून बसला असेल, तर त्याचा पारा किती चढला असेल? हे सेनापतींना कळायला वेगळा अहवाल हवा होता का? शब्दच सांगत होता.

'वायपर्स टाइम्स'ची गोष्टही सांगायलाच हवी. बेल्जियममधल्या ईप्र या गावाचं नाव शिपायांना उच्चारता येईना, म्हणून त्यांनी त्याचं 'वायपर्स' केलं. तोफांनी उद्ध्वस्त झालेल्या या गावात शेरवुड फॉरेस्टर्सच्या बाराव्या बटालियनच्या लोकांना एक छापखाना सापडला. कॅप्टन फ्रेड रॉबर्ट्स आणि लेफ्टनंट जॅक पिअर्सन यांनी त्यावर फेब्रुवारी १९१६ मध्ये चक्क वर्तमानपत्र काढलं. पलटण हलली की पत्राचं नाव बदलायचं, पण ते १९१८च्या अखेरपर्यंत निघत राहिलं. त्यात खोट्या जाहिराती असत. खंदक हवापालटाचं उत्तम ठिकाण असल्यासारखे विकायला काढलेले असत. आशावाद हा एक रोग असून त्यावर आमच्याकडे उपाय आहे, अशीही एक जाहिरात होती. लंडनमध्ये बसून विजयाचे हिशेब मांडणारा लेखक हिलेअर बेलॉक याच्या नावाची अक्षरं उलटसुलट करून त्याची यथेच्छ टिंगल केलेली असे. या टिंगलीत एक गोष्ट मला शिक्षिका म्हणून फार आवडते. तिचा रोख सतत स्वतःकडे, मरणाकडे किंवा वर बसलेल्यांकडे असतो. शेजारच्या दुबळ्याकडे सहसा नसतो.

इथे कुणी म्हणेल, बाई, तुम्ही उगाच दुःख शोधताय. इंग्रजांचा स्वभावच तो. संकटात हसायचं आणि हसत लढायचं. मला हे अगदीच अमान्य नाही. फॉकलंडच्या लढाईत ४ मे १९८२ रोजी 'शेफील्ड' या युद्धनौकेवर क्षेपणास्त्र आदळलं, वीस जण गेले. जहाज जळत असताना सुटकेची वाट पाहणारे नौसैनिक एक गाणं म्हणत होते. कुठलं? तर १९७९च्या 'लाइफ ऑफ ब्रायन' या विनोदी चित्रपटात सुळावर चढवलेली माणसं आयुष्याची चांगली बाजू बघा म्हणून गातात, ते! त्या क्षणी त्या गाण्यानं त्यांना एकत्र धरून ठेवलं असणार, हे मी मान्य करते. विनोदानं वेळ निभावते. पण वेळ निभावणं वेगळं आणि दुखणं बरं होणं वेगळं. पहिल्या प्रकाराचं कौतुक करताना दुसरं आपोआप झालं असं धरून चालायची सवय वाईट.

आणि ती सवय ब्रिटिश सैन्याला चांगलीच भोवली. 'शेल शॉक' हा शब्द पहिल्या महायुद्धात शिपायांमध्ये रुळला. चार्ल्स मायर्स या डॉक्टरनं १९१५ साली 'लॅन्सेट' या वैद्यकीय नियतकालिकात तो वापरला. मग असे रुग्ण इतके वाढले, की १९१७ मध्ये सैन्यानं तो शब्दच वापरायला मनाई केली आणि त्याऐवजी 'मज्जाविकार, निदान अजून व्हायचे आहे' अशा अर्थाचा सरकारी शेरा आणला. थर्मामीटर फोडला की ताप गेला! पळून जाणं, भित्रेपणा अशा आरोपांवरून त्या युद्धात आपल्याच लोकांच्या गोळ्यांनी मेलेल्या ३०६ शिपायांना ब्रिटनने माफी दिली, ती थेट २००६ साली.

दुसऱ्या महायुद्धात विमानदलातही तेच. ब्रिटिश बॉम्बर कमांडच्या सुमारे सव्वा लाख विमान-सैनिकांपैकी ५५,५७३ मेले. परत न आलेल्या मित्राबद्दल ते म्हणत, 'तो बर्टनला गेला'. जरा बिअर प्यायला गेलाय, असा त्याचा एक अर्थ लावतात. आणि जो परत येई, पण विमानविरोधी तोफांचा मारा सोसून सोसून ज्याची मनःस्थिती बिघडलेली असे, त्याला ते 'फ्लॅक-हॅपी' म्हणत. फ्लॅक म्हणजे तो मारा, आणि हॅपी म्हणजे आनंदी! सरकारी कागदावर मात्र उडायला नकार देणाऱ्यासाठी शेरा होता 'नैतिक धैर्याचा अभाव'. आता तुम्हीच सांगा, या दोन भाषांपैकी माणुसकी कुणाच्या भाषेत जास्त होती? हसणाऱ्यांच्या की गंभीर चेहऱ्याने शेरा मारणाऱ्यांच्या?

इथवर मी शिपायांच्या बाजूने बोलले. पण नाण्याला दुसरी बाजू आहे, आणि ती आपल्या अंगणातली आहे.

ब्रिटिश शिपायांच्या बोलीत आपल्याकडचे शब्द ढिगाने आहेत. रोटीचं 'रूटी', पाण्याचं 'पॉनी', चहाचं 'चार', डेगचीचं 'डिक्सी', खुशीचं 'कुशी', पायाला गुंडाळायच्या पट्टीचं 'पटी', चिठ्ठीचं 'चिट'. दीर्घ सेवेच्या पदकाला ते 'रूटी गाँग' म्हणत, म्हणजे इतकी वर्षं सरकारची रोटी खाल्ल्याबद्दलचं पदक. हे वाचून आपल्याला अभिमान वाटतो. 'बघा, आमचे शब्द इंग्रजीत गेले!' वाटायला हरकत नाही. पण मी व्याकरण शिकवलेली बाई. नामं बघून झाल्यावर मी क्रियापदांकडे वळते.

हेन्री यूल आणि ए. सी. बर्नेल या दोघांचा 'हॉब्सन-जॉब्सन' नावाचा कोश १८८६ साली निघाला. त्याचं नावच सोजिरांच्या बोलीतलं आहे. मोहरमच्या मिरवणुकीतल्या 'या हसन, या हुसेन' या शोकाचं गोऱ्या शिपायांनी 'हॉब्सन-जॉब्सन' करून टाकलं. या कोशात हिंदुस्थानीतून घेतलेली क्रियापदं सापडतात. पकडो वरून 'पकेरो', बनाओ वरून 'बनाव', धमकाओ वरून 'डमकाव', फुसलाओ वरून 'फूझिलो'. शिपायांच्या तोंडचं 'देको' हे देखो वरून आलं, तेही त्याच जातीचं. सगळी क्रियापदं आज्ञार्थी! वर्तमानकाळ नाही, भूतकाळ नाही, प्रश्न नाही, विनंती नाही. ज्या रूपात शब्द कानावर पडला आणि तोंडातून गेला, त्याच रूपात तो त्यांच्या भाषेत कायम झाला. इतिहासाच्या पुस्तकात राज्यकर्त्यांच्या स्वभावावर पानंच्या पानं असतात. मला वाटतं, ही चार क्रियापदं शिकवली तरी पुरे.

शोकाच्या आक्रोशाचं विनोदी नाव झालं, यात शिपायाचा दुष्टपणा होता असं नाही. त्याला ते शब्द समजतच नव्हते. पण ज्याचा शोक होता त्याला त्या हसण्यात जागा नव्हती, हेही खरंच. (आपल्या शिपायांनीही उट्टं काढलं म्हणा! पहारेकऱ्यानं इंग्रजीत 'कोण येतंय तिकडे?' असं विचारायचं असे. त्या इंग्रजी शब्दांचं आपल्या लोकांनी 'हुकुमदार' केलं आणि रात्रभर ठणकावलं.)

शाळेत काम केलेल्यांना हा फरक रोज दिसतो. आमच्या शाळेत पावलं फाकून चालणारे एक सर होते. मुलांनी त्यांचं नाव 'दहा-दहा' ठेवलं होतं, घड्याळाच्या काट्यांवरून. सरांनाही ते माहीत होतं. त्या नावानं सरांचं काही बिघडलं नाही, उलट छडीची भीती थोडी कमी झाली. पण वर्गातल्या बोबड्या मुलाला तीस जणांनी मिळून ठेवलेलं नाव वेगळं. तिथे मी हस्तक्षेप करत असे. 'बाई, आम्ही गंमत करत होतो' हे उत्तर ठरलेलं. गंमत करणाऱ्याला गंमतच वाटत असते हो! मस्करीची कुस्करी कधी झाली, हे नेहमी ज्याची झाली त्याला विचारायचं असतं.

ब्रिटिश सैन्यात गेल्या काही वर्षांत हेच उत्तर ऐकू आलं. 'बँटर' म्हणजे आपली खेळीमेळीची थट्टा. जानेवारी २००९ मध्ये एक चित्रफीत बाहेर आली. ती २००६ सालची होती. राजपुत्र हॅरी आपल्या एका सहकारी कॅडेटचा उल्लेख पाकिस्तानी वंशाच्या लोकांना हिणवणाऱ्या शब्दानं करत होते. ते मित्राचं टोपणनाव होतं, मनात वाईट नव्हतं, असा खुलासा आला आणि माफीही मागितली गेली. मनात वाईट नसेलही. पण राजपुत्रानं ठेवलेलं टोपणनाव नाकारायची सोय त्या मित्राला किती होती? पुढे २०१९ साली सैन्यातल्या गैरवर्तनावर एअर चीफ मार्शल विगस्टन यांचा अहवाल आला. २०२१ साली ब्रिटिश संसदेच्या समितीनं सैन्यातल्या स्त्रियांबद्दल अहवाल दिला. समितीपुढे बोललेल्या आजी-माजी महिला सैनिकांपैकी जवळजवळ दोन तृतीयांश जणींनी दादागिरी, छळ किंवा भेदभाव सोसल्याचं सांगितलं. अशा जागी 'तुला विनोद कळत नाही' हे वाक्य सगळ्यात मोठं हत्यार होतं. खंदकातला शिपाई ज्या विनोदाच्या आडोशाला लपला, त्याच आडोशाला मारणारासुद्धा लपू शकतो.

म्हणून माझा एक साधा नियम आहे. विनोद कुठून कुठे चाललाय ते बघावं. स्वतःकडे, मरणाकडे, साहेबाकडे चालला असेल, तर तो ऐकून घ्यावा आणि त्यामागे काय दुखतंय ते विचारावं. आपल्याहून लहान किंवा एकट्या पडलेल्या माणसाकडे चालला असेल, तर तिथेच थांबवावा. दोन्ही वेळा नुसतं हसून पुढे जाऊ नये.

देवळालीवर बीबीसीनं १९७४ ते १९८१ अशी एक मालिका केली होती, 'इट एन्ट हाफ हॉट मम'. तिच्या दोन लेखकांपैकी जिमी पेरी स्वतः देवळालीत सैन्याच्या नाटकमंडळीत होते. तिच्यात दोन्ही प्रकारचे विनोद शेजारी शेजारी आहेत. कर्कश ओरडणाऱ्या सार्जंट मेजरची फजिती आहे, आणि रंगी राम नावाच्या भारतीय नोकराचं काम करणारा गोरा नटही आहे, चेहरा काळा करून. यावर बंदी घाला असं मी म्हणणार नाही. मुलांना शेजारी बसवून दाखवावी आणि विचारावं, यातल्या कुठल्या विनोदाला हसलात आणि का?

आता शेवटी आपल्याच मुलखात जन्मलेल्या एका माणसाबद्दल. स्पाइक मिलिगन. जन्म १६ एप्रिल १९१८, अहमदनगर (आता अहिल्यानगर). वडील सैन्यात, बालपण पुण्यात आणि रंगूनमध्ये. दुसऱ्या महायुद्धात तो तोफखान्यात शिपाई होता. जानेवारी १९४४ मध्ये इटलीत उखळी तोफेच्या गोळ्यानं जखमी झाला, मनानंही कोसळला. पुढे त्यानं १९५१ पासून बीबीसी रेडिओवर 'द गून शो' लिहिला आणि अख्ख्या देशाला हसवलं. युद्धावरच्या त्याच्या आठवणींचं पहिलं पुस्तक १९७१ साली आलं. त्याचं नाव 'ॲडॉल्फ हिटलर: माय पार्ट इन हिज डाउनफॉल', म्हणजे हिटलरच्या पाडावातला माझा वाटा! लोक खो खो हसले. आणि तो आयुष्यभर नैराश्याच्या झटक्यांनी पुन्हा पुन्हा अंथरूण धरत राहिला. विनोद त्याला बरा करू शकला नाही. १९९३ साली त्यानं अँथनी क्लेअर या मानसोपचारतज्ज्ञाबरोबर नैराश्यावर पुस्तक लिहिलं, तेव्हा ते विनोद बाजूला ठेवून, सरळ शब्दांत लिहिलं.

२००२ साली तो गेला. त्याच्या थडग्यावर आयरिश भाषेत एक ओळ कोरलेली आहे. तिचा अर्थ असा, की मी आजारी आहे हे मी तुम्हाला सांगितलं होतं. पर्यटक त्या दगडापुढे उभे राहून हसतात. हसावंच, त्यानं हसण्यासाठीच लिहिलंय. पण ते वाक्य अक्षरशः खरंही आहे. त्यानं खरोखरच सांगितलं होतं, पन्नास वर्षं सांगत होता.

आपल्या नात्यागोत्यात सैन्यात, पोलिसात, रुग्णालयात रात्रपाळी करणारी बरीच मंडळी आहेत. ती घरी आली की धमाल उडवून देतात. त्यांच्या विनोदांना जरूर हसा. पण पानं उचलून झाली, बाकीचे झोपायला गेले, की जवळ बसून एकदा विचारा, झोप लागते ना रे नीट? आमच्या वहिनी विचारायच्या.

आणि हो, लष्करातल्या लोकांकडून ऐकलेले असे खास शब्द कुणाकडे असतील तर जरूर लिहून कळवा. नुसता अर्थ नको, तो कोण कुणाला म्हणायचं तेही लिहा.